कप्तानाची पत्नी व तान्हं मूल

छावणीच्या टोकाला, पडेगावकडे जाणाऱ्या रस्त्यापासून जरा आत, गोऱ्या लोकांचं जुनं कब्रस्तान आहे. निवृत्त झाल्यावर चार हिवाळे मी तिथं थडगी वाचत हिंडले. बत्तीस वर्षं मुलींच्या शाळेत इंग्रजी शिकवलं होतं. आता घरी बसून सुनेच्या स्वयंपाकात नाक खुपसण्यापेक्षा मेलेल्यांच्या शुद्धलेखनातल्या चुका काढलेल्या बऱ्या, असा माझा साधा विचार होता. सून अजूनही म्हणते की त्या चार वर्षांत घर कसं शांत होतं.

परदेशातलं एक हौशी मंडळ आपल्याकडच्या जुन्या छावण्यांमधल्या कबरींची यादी करत होतं. कुणीतरी त्यांना माझं नाव सुचवलं. मी दोनशे पानी वही आणली आणि पट्टीनं रकाने आखले: क्रमांक, नाव, हुद्दा, पलटण, वय, मृत्यूचं कारण. पुरुषांचे रकाने भराभर भरत गेले. बायकांपाशी आले की अडायचं. त्यांना ना हुद्दा, ना पलटण. रिकामा रकाना दिसला की माझा हात शिवशिवतो, ही मास्तरकीची खोड. मग मी नवऱ्याचा हुद्दा आणि नवऱ्याची पलटण तिथं भरायला लागले. अशानं ओळ लांबायची, म्हणून नावाच्या रकान्यात आखूड करून लिहायचे: 'कप्तानाची पत्नी', 'सार्जंटाची पत्नी', 'डॉक्टरची पत्नी व दोन मुलं'. दगडावर नाव असायचं. मी ते वाचायचे आणि पुढं जायचे. कुणी टोकलं नाही, मलाही खटकलं नाही.

या बायकांचा मला पुळका नव्हता, हे सांगून टाकते. राज्य करायला आलेल्यांच्या बायका त्या. पंखा ओढायला एक माणूस, पाणी भरायला दुसरा, मूल सांभाळायला तिसरी. एवढं असताना यांना दुःख ते कसलं, अशी माझी समजूत होती. पण दगड वाचत गेले तशी माझी टवाळी कमी होत गेली. वय एकोणीस. वय बावीस. वय चोवीस, आणि शेजारी पाटीएवढे तीन दगड. एका पोराच्या दगडावर लिहिलं होतं, नऊ दिवस जगला. आईच्या दगडावर, त्याच्यामागून अकरा दिवसांनी गेली. पटकी, ताप, बाळंतपण. पुन्हा बाळंतपण, ताप, पटकी. पुरुष निदान घोड्यावरून पडून तरी मरत होते. या बायका बंद खोलीत, वाळ्याच्या ओल्या पडद्याआड, खाटेवर मेल्या.

कब्रस्तानाची राखण एक म्हातारी करते. आधी तिचा सासरा करायचा, मग नवरा, आता ती. फाटकाला लागून दोन खोल्या आहेत, तिथंच राहते. तिच्या शेळ्या कबरींमधलं गवत खातात, त्यामुळं गवत कापायला वेगळं माणूस लागत नाही. मी तिला आपा म्हणते, ती मला बाई म्हणते. तिला वाचता येत नाही, पण कोणती मेमसाब कुठं झोपली आहे ते तिला माझ्या वहीपेक्षा पक्कं ठाऊक. ज्या कबरींशेजारी लहान दगड आहेत त्यांच्यावर ती गुरुवारी झाडू फिरवायची. मी विचारलं तर म्हणाली, "बच्चेवाली हैं ना बाई, त्यांचं कोन करनार?"

वही पूर्ण झाली, मंडळानं ती संगणकावर टाकली, आणि मी ते सगळं विसरून गेले. पाच-सहा वर्षांनी, म्हणजे गेल्या वर्षी, इंग्लंडातून एका बाईंचं पत्र आलं. ईमेलच, पण लिहिलं होतं पत्रासारखं. वय पंच्याहत्तर, दवाखान्यात परिचारिका म्हणून नोकरी झालेली, एकट्याच राहणाऱ्या. त्यांनी लिहिलं होतं: तुमच्या यादीत एक ओळ आहे, 'कप्तानाची पत्नी व तान्हं मूल'. तो कप्तान आमच्या घराण्यातला. म्हणजे ती पत्नी माझी खापरपणजी. तिचं नाव काय होतं, ते दगडावर आहे का?

मला नवल वाटलं. घरच्यांनाच नाव माहीत नाही? मग त्यांनी सविस्तर लिहिलं. ही बाई विशीत लग्नासाठी बोटीनं आली. पहिली मुलगी झाली, ती जगली. दुसऱ्या बाळंतपणात आई आणि बाळ दोघंही गेली. कप्तानानं वर्षाच्या आत दुसरं लग्न केलं आणि चार वर्षांच्या पोरीला मावशीकडं इंग्लंडात धाडून दिलं. मावशी बहिणीचा विषय निघाला की खोलीतून उठून जायची. ती पोर आईचं नाव न कळताच मोठी झाली, आणि म्हातारी होऊन वारली. मागं राहिली ती आईनं मावशीला लिहिलेली सात पत्रं. त्यांच्याखाली सही म्हणून लाडाचं नाव आहे, चिमणी म्हणावं तसलं. लग्न कोणत्या बंदरावर लागलं हे कुणालाच माहीत नाही. या बाईंनी वीस वर्षं दप्तरं धुंडाळली. सापडलेल्या एका नोंदीतही 'कप्तानाची पत्नी' एवढंच होतं.

त्या सात पत्रांच्या प्रती त्यांनी मला पाठवल्या. मी दुपारी चष्मा पुसत वाचल्या. छावणीतल्या त्या घराला तीन बाजूंनी पडवी होती. नवरा महिन्यातले वीस दिवस दौऱ्यावर. सकाळी सातनंतर दारं बंद करायची ती संध्याकाळीच उघडायची. शहरात जायची मनाई होती. गुलमंडीच्या कापडबाजाराबद्दल तिनं नुसतं ऐकलं होतं, चार वर्षांत एकदाही पाहिला नाही. बोलायला माणूस नाही. पलटणीतल्या दुसऱ्या दोन मेमसाहेब हुद्द्यानं वरच्या, त्यांनी बोलावलं तरच जायचं. तिनं बहिणीला लिहिलं होतं की मी आरशाशी बोलते, आणि हे आईला सांगू नकोस. शेवटच्या पत्रात तिनं होणाऱ्या बाळासाठी झबलं मागितलं होतं. बहिणीनं ते शिवून पाठवलं. बोटीनं यायला तीन महिने लागले. तोवर इथं ना आई उरली होती, ना बाळ. झबलं तसंच परत गेलं.

ते वाचून मी रडले, खोटं कशाला बोलू. पण चीडही आली. सात पत्रांत त्या पोरीच्या आयाचा उल्लेख चाळीस ठिकाणी तरी असेल. आयानं अंगाई म्हटली, आया रात्रभर बसली, आयाला ताप आला. आणि त्या आयाचं नाव एकदाही नाही. आपली एक बाई हिच्या पोरीला छातीशी धरून जागत होती, आणि हिला तिचं नाव लिहावंसं वाटलं नाही! मी तणतणत उठले, जुनी वही काढली, ती ओळ पाहिली, आणि परत खाली बसले. हिनं आयाचं नाव लिहिलं नव्हतं. मी हिचं लिहिलं नव्हतं.

त्यात मी तर अशी, की जिचं स्वतःचं नाव लग्नात बदललं. तबकात तांदूळ पसरले, नवऱ्यानं अंगठीनं त्यात नवीन नाव लिहिलं, आणि पेढे वाटले. आईवडलांनी ठेवलेल्या नावानं हाक मारणारं आज कुणीही जिवंत नाही. त्या नावासाठी मी कितीदा तरी सासरी धुसफुसले आहे. आणि वही हातात आल्यावर मी काय केलं?

तरी दगड होता. मी त्यांना लिहिलं: नाव दगडावर आहे, मी स्वतः वाचलं आहे, आता आठवत नाही पण लहानसं होतं. उद्याच जाऊन फोटो काढून पाठवते. त्यांचं लगेच उत्तर आलं, नको. फोटो पाठवू नका, वाचून सांगूही नका. मी येते. इतकी वर्षं थांबले, आता माझ्या बोटांनी वाचेन.

तिकीट जानेवारीचं निघालं. डिसेंबरात माझ्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि मी खाटेला खिळले. आपाला फोन केला. "आपा, पिंपळाच्या अलीकडची ती संगमरवरी कबर आहे ना, लहान दगडवाली? तिच्या घरची पाहुणी येणार आहे. लई लांबून येतेय. अगदी चकाचक करून ठेवा." हे माझेच शब्द. आपा म्हणाली, "हौ बाई, फिकर नको करू. नवी करून ठेवते."

पाहुणी यायच्या आदल्या दिवशी सकाळी, काठी टेकत, मी रिक्षानं कब्रस्तानात गेले. आपा फाटकातच उभी, डोक्यावर धुतलेली ओढणी, चेहऱ्यावर कौतुक मावत नव्हतं. तिनं मला हाताला धरून नेलं. दगड दुधासारखा पांढरा झाला होता. मी वाकून पाहिलं. वरच्या भागात कप्तानाचं नाव, हुद्दा, पलटण, सगळं ठळक, खोल कोरलेलं. दगड घडवणारा कारागीर इथलाच असणार, हुकूम देणाऱ्याचं नाव त्यानं मोठं काढलं होतं. त्याच्याखाली बायकोचं नाव होतं, बारीक तिरप्या अक्षरांत, आधीच झिजलेलं. ओला फडका फिरवून, सकाळच्या तिरप्या उन्हात, तेही जेमतेम दिसायचं. आता तिथं काही नव्हतं. गुळगुळीत दगड.

"आपा, कशानं धुतलं हे?"

"ॲसिडनं," ती म्हणाली. "शहागंजातून आनलं, फरशीचं. साबनानं निघेना ना. वतलं की असा फेस आला, असा फेस! शंभर साल का मैल होता बाई. मंग विटेच्या तुकड्यानं घासलं. दोन दिवस घासलं."

तिच्या बोटांची टोकं सोलून निघाली होती. फेस येतोय म्हणजे मळ निघतोय, असंच आपण सगळ्या समजतो. मोरी धुताना मीही तेच समजते. तो मळ नव्हता. दगडच विरघळत होता.

 मग मी ओरडले. तिच्या वयाचा विचार न करता काय काय बोलले, ते लिहायची लाज वाटते. ती आधी हसली, मग तिला कळलं, आणि ती दगडापाशी मटकन बसली. "मेरे हातां टूट जाने दो," म्हणाली. "तुमीच बोल्ले ना बाई, चकाचक कर म्हनून. तिच्या घरच्यांला काळी कबर दाखवायची का?"

दोघींनी मिळून होते नव्हते ते उपाय केले. पाणी मारलं. खडू घासला. तिनं घरातून कणीक मळून आणली, मी ती दगडावर दाबून बसवली आणि अलगद उचलली, उठलाच तर एखाद्या अक्षराचा ठसा उठेल म्हणून. कणकेवर काहीच उठलं नाही. शेळी येऊन ती कणीक खायला लागली, आपानं तिला हाकललंही नाही. वही लिहिली तेव्हा माझ्याकडं बटणांचा साधा फोन होता, म्हणजे जुना फोटोही नाही. घरी येऊन मी डोळे मिटून बसले, ते नाव आठवायचा प्रयत्न केला. लहान होतं. बस्स.

दुसऱ्या दिवशी बाई आल्या. उंच, किडकिडीत, पायांत जाड बूट. विमानाच्या तिकिटावर आमच्या शहराचं जुनं नाव आणि रस्त्यातल्या पाट्यांवर बदललेलं नवं, त्यामुळं आपण चुकीच्या ठिकाणी उतरलो की काय या भीतीनं त्या हॉटेलात रात्रभर झोपल्या नव्हत्या. मी त्यांना गाडीतच खरं सांगितलं. म्हणजे अर्धं. साफसफाईत अक्षरं गेली, चूक माझी. त्या खिडकीकडं वळल्या. बाहेर बघत राहिल्या.

कबरीपाशी त्या गुडघ्यांवर बसल्या. कप्तानाच्या नावाला त्यांनी हातही लावला नाही. खालच्या गुळगुळीत जागेवर बोटं टेकवली आणि डोळे मिटून डावीकडून उजवीकडं नेली. परत आणली, परत नेली. दवाखान्यात आयुष्य काढलेल्या माणसाची ती बोटं होती, नाडी शोधावी तशी शोधत होती. आपा चहाचा कप हातात धरून लांब उभी होती. तिला पुढं यायचं धाडस होईना.

मग त्यांनी माझ्याकडं पाहिलं. "पण तुम्ही वाचलं होतंत ना?"

"हो."

"मग सांगा."

मी तेव्हा 'विसरले' म्हणायला हवं होतं. ते त्यांना आधी लिहिलंही होतं. पण त्या वर बघत होत्या, पंच्याहत्तर वर्षांच्या, मातीत गुडघे टेकून, आणि मागं आपा रडत होती. मी म्हणाले, "काल रात्री आठवलं." आणि एक नाव सांगितलं. आठवीच्या इंग्रजी पुस्तकात एक धडा होता, त्यातल्या मुलीचं नाव. बत्तीस वर्षं शिकवलेलं. इंग्रज मुलीचं नाव म्हणून माझ्या जिभेवर तयार असलेलं तेवढं एकच.

त्यांनी ते हळूच उच्चारलं. मग मोठ्यानं. मग दगडाला गाल लावून तिसऱ्यांदा. आपानंही तिच्या पद्धतीनं ते म्हणून पाहिलं आणि पुढं येऊन चहा दिला. तिघी तिथं बसलो. त्या क्षणी मला फार बरं वाटलं, हेही सांगायला हवं. दयेपोटी बोलले असं मी स्वतःला पटवत होते. खरं तर मी घाबरले होते. ओरडा खायला, आणि त्याहून त्या डोळ्यांना.

परतताना गाडीत त्या एकदम बोलक्या झाल्या. म्हणाल्या, "आता मला हैदराबादला जायला नको." मी विचारलं, हैदराबादला काय? तर तिथल्या एका जुन्या चर्चच्या पाद्र्यांनी कळवलं होतं की इथल्या छावणीतल्या बाप्तिस्म्यांच्या वह्या एका पेटीत सापडल्या आहेत, येऊन बघा. मोठ्या मुलीचा बाप्तिस्मा इथंच झाला होता, त्या नोंदीत आईचं नाव असणार. परवाचं तिकीट काढलेलं होतं. त्यांनी माझ्यादेखत फोनवरून ते रद्द केलं. बटण दाबायला मिनिटभर लागलं असेल. त्या मिनिटात मला बोलता आलं असतं. मी खिडकीची काच खाली केली आणि विचारलं, ऊन लागत नाही ना?

मार्चमध्ये त्यांच्या सांगण्यावरून मी काळ्या ग्रॅनाइटची पाटी करून घेतली. नाव मीच लिहून दिलं. पाटी बसवली तेव्हा आपानं तिच्यावर गुलाबाच्या पाकळ्या टाकल्या आणि मला विचारलं, "अब तो ठीक हुआ ना, बाई?" मी मान हलवली. घरी येऊन दोन दिवस जेवण गेलं नाही. शेवटी राहवेना, म्हणून त्या पाद्र्यांचा पत्ता शोधला आणि बाईंचा उल्लेख न करता, यादीसाठी हवं आहे म्हणून, विचारणा केली. आठ दिवसांत उत्तर आलं. सज्जन माणूस असावा, त्यानं पानाचा फोटोच पाठवला. वाळवीनं कडा खाल्लेल्या, पण मधली शाई स्पष्ट. मुलीचं नाव, बापाचं नाव, आणि त्याच्याशेजारी आईचं. लहानसं नाव. बघताक्षणी मी ओळखलं. तिरप्या उन्हात, ओल्या दगडावर, मी ते खरंच वाचलं होतं.

तो फोटो बाईंना पाठवायचा म्हणून मी पत्र लिहायला घेतलं. सगळं लिहिलं, धड्यातल्या मुलीसकट. पाठवायच्या आधी त्यांचंच पत्र येऊन पडलं. त्यांच्या नातीला मुलगी झाली होती. सोबत फोटो, टोपरं घातलेलं, लाल, मुठी वळलेलं बाळ. आम्ही सगळ्यांनी एकमतानं खापरपणजीचं नाव ठेवलं, असं लिहिलं होतं. वीस वर्षांची कागदपत्रं आता बांधून माळ्यावर टाकली, आता शोधायचं काही उरलं नाही. आणि खाली, तुमच्यामुळं ती आम्हाला परत मिळाली.

मी माझं पत्र पुसून टाकलं. 'अभिनंदन, नाव फार गोड आहे' असं लिहून पाठवलं.

चोविसाव्या वर्षी इथं मेलेल्या त्या बाईचं खरं नाव आज जगात मला एकटीला माहीत आहे. पाद्र्यांच्या पेटीत आहे, पण त्यांच्या लेखी ती शेकडो नोंदींतली एक. हे लिहायला बसले तेव्हा ठरवलं होतं की शेवटी ते लिहून टाकायचं, निदान एका कागदावर तरी. आता तिथवर आले आहे. पण हे छापलं गेलं तर कुणीतरी त्यांना वाचून दाखवेल, आणि ते पोर आता बसायला लागलं आहे, त्या नावानं हाक मारली की वळून बघतं म्हणे. म्हणून लिहीत नाही.